आडवं चुंबक: सौर वादळ मोजायच्या खटपटीच्या नोंदी

काम काय: सूर्यावरून वादळ आलं की पृथ्वीच्या चुंबकत्वाला धक्का बसतो. तो धक्का घरच्या घरी, भंगारातल्या सामानातून, भिंतीवर डोळ्यांना दिसेल असा मोजायचा. जागा: अमळनेर तालुका, बोरी नदीकाठचं आमचं गाव. माणसं दोन. मी, मोटार रिवायंडिंगचं दुकान, शिक्षण आयटीआय. आणि माझी भाची, धुळ्यात बीएस्सीला आहे, विषय फिजिक्स. नोंदी वहीत होत्या, त्या चुकांसकट उतरवतोय. कोणाला करायचं असेल तर आधी २६ मेची नोंद वाचा, तुमचे तीन महिने वाचतील.

१८ फेब्रुवारी २०२४, रविवार

भाची सुट्टीला आली ती हे खूळ घेऊनच. सूर्याचं अकरा वर्षांचं चक्र सध्या भरात आहे, डाग वाढलेत, यंदा मोठी वादळं येणार म्हणाली. इस्रोचं आदित्य एल-१ जानेवारीच्या ६ तारखेला आपल्या जागी पोचलं, पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवर. "मामा, ते तिकडून बघंल, आपण इकडून बघू."

तिच्याकडे इंग्लंडातल्या हौशी लोकांची कृती होती. काचेची बरणी, आत दोऱ्याने टांगलेलं चुंबक, चुंबकाला आरशाचा तुकडा, आरशावर लेझर, समोरच्या भिंतीवर लाल ठिपका. चुंबक केसभर फिरलं तरी ठिपका भिंतीवर हातभर नाही तर बोटभर तरी सरकतो. खर्चाचा अंदाज ५०० रुपये धरला. (खरा आकडा शेवटी.)

त्याआधी सोपा मार्ग म्हणून १८० रुपयांची चुंबकत्व मोजणारी चिप मागवली, मोबाईलमध्ये असते तसली. आकडा दर क्षणाला दोनशे नॅनोटेस्ला (चुंबकत्वाचा जोर मोजायचं एकक) इकडे-तिकडे उड्या मारतो. आपल्याला वीस-तीसचा फरक बघायचाय. चिप बाजूला ठेवली. दोन दिवस गेले.

३ मार्च, रविवार

पहिली जोडणी. गोठ्याला लागून पत्र्याची एक रिकामी खोली आहे, तिथे मांडलं. रिकामी होती म्हणून निवडली, दुसरं काही कारण नव्हतं. आज एवढं लिहितो, पुढे भोगलं.

पहिली चूक, साधा आरसा. कंगव्यासोबत मिळतो तसला फोडून चिकटवला, तर भिंतीवर एकाऐवजी दोन ठिपके. काचेच्या पुढच्या बाजूवरून एक आणि मागच्या कलईवरून एक. झेरॉक्स मशिनच्या भंगारात पुढून चमक चढवलेले लांब आरसे असतात. अमळनेरला भंगारवाल्याकडे ४० रुपयांत पट्टी मिळाली. हिरा-कापणीने नखाएवढा तुकडा काढला, एकच ठिपका आला.

दुसरी चूक, सुताराने केलेली लाकडी चौकट. चांगली मजबूत, आठ खिळे ठोकून. लोखंडाचे. सुताराला परत बोलावून पितळी स्क्रू लावले. तो म्हणाला, देवाचं काही आहे का?

तिसरी, चौकटीखाली ठेवलेला काळा दगड. आपल्याकडचा सगळा दगड लाव्हाचा, त्यात लोहकण असतात. नुसता ठेवलेला असला तर काही नाही, पण तो जरा सरकला की ठिपका सरकतो. काढून टाकला, शहाबादी फरशी घातली.

१७ मार्च, रविवार

दहा दिवस एका भुताच्या मागे होतो. रोज सकाळी सहाला आणि संध्याकाळी सहाला ठिपका सेंटीमीटरभर डावीकडे जायचा, अर्ध्या-पाऊण तासाने परत यायचा. भाचीला फोनवर सांगितलं तर ती खूश. सूर्य उगवताना आणि मावळताना वरच्या हवेत बदल होतात, मामा, आपण तेच पकडलं! मीही छाती काढून फिरलो.

परवा धार काढताना आईने हाक मारली म्हणून गोठ्यात गेलो. म्हैस धारेच्या वेळी भिंतीलगतच्या खुंट्याला आणून बांधतात. गळ्यात दोन किलोची लोखंडी साखळी. भिंतीच्या त्या बाजूला म्हैस, या बाजूला आमचं चुंबक.

साखळी काढून दावं बांधलं. भूत गेलं. भाचीला सांगायला मात्र दोन दिवस लावले.

मोटारसायकलही तीन मीटरच्या आत आणायची नाही. लोखंडी कोठी, पेटी, पलंग, सगळ्यांचा त्रास, पण ते जागेवर उभे असले तर चालतं. हलणारं लोखंड नको.

३१ मार्च, रविवार

तीन दुरुस्त्या एकदम.

चुंबक एकदा हललं की पाच-पाच मिनिटं झुलत राहायचं. दुकानातला तांब्याच्या बसबारचा (जाड पट्टीचा) तुकडा त्याच्याखाली चार मिलिमीटरवर ठेवला. चुंबक हललं की तांब्यात प्रवाह फिरतो आणि तोच त्याला आवरतो. वीजमीटरची चकती थांबवायला याच्या उलट करतात, तिथे चकती फिरते आणि चुंबक स्थिर. आता दोन-तीन झुल्यांत शांत.

लेझरला बॅटरी लावली, कारण लाईटीचा भरवसा नाही. बॅटरीच्या दोन तारा मी ऐसपैस वेगवेगळ्या नेल्या होत्या. रोज कॉइल भरणाऱ्या माणसाने हे करावं! दोन तारांमधली मोकळी जागा म्हणजे एक वेढाच झाला, आणि त्याचं स्वतःचं चुंबकत्व. तारांना पीळ दिला, प्रश्न मिटला.

जुना मोबाईल स्टॅंडवर लावून दर मिनिटाला भिंतीचा फोटो घ्यायचं ॲप टाकलं. रात्रीच्या फोटोत ठिपका झकास, पण पट्टी दिसत नाही. काळोखात नुसता लाल डोळा. पट्टीवर दर सेंटीमीटरला नंबरप्लेटवाल्याकडच्या रेडियमचा तुकडा चिकटवला आणि कोपऱ्यात एक बारीक एलईडी.

एप्रिल

नोंद नाही. केळीला पाणी, व्होल्टेज नाही, गावोगाव मोटारी जळून दुकानात. बारा-बारा तास काम. ठिपका आपला भिंतीवर होता, बघायला कोणी नव्हतं.

१० मे, शुक्रवार, आखाजी (अक्षय तृतीया)

घर भरलेलं. बहिणी माहेरी आल्या, लिंबाला झोके, दुपारी खापरावरची पुरणपोळी आणि आमरस. भाची आली तीच मोबाईल हातात धरून. सूर्यावर एक प्रचंड डाग आहे, १३६६४ नंबरचा, त्यातून दोन-तीन दिवसांत एकामागोमाग तापलेल्या कणांचे ढग सुटलेत आणि ते आज रात्री पोचणार. अमेरिकेच्या हवामानवाल्यांनी इशारा दिलाय.

मी पोरांना पत्र्याच्या खोलीकडे फिरकू दिलं नाही. लेझर डोळ्यात गेला तर वाईट, आणि गेलं नाही तरी कोणी तरी चौकट हलवणारच. बाहेर पुरुष मंडळींचा पत्त्यांचा डाव. मी आणि भाची आत, लाल ठिपक्यासमोर.

रात्री १०.३५. ठिपका थरथरला, मिलिमीटरभर सरकला. "आलं!" भाची ओरडली. नंतर काही नाही. अकरा, बारा, एक. ठिपका आहे तिथेच. आई दारात येऊन म्हणाली, "रातभर भीतवर काय दखी राहिना तुम्ही?" दीड वाजता झोपलो.

११ मे, शनिवार

सकाळपासून बातम्या. २००३ नंतर पहिल्यांदाच जी५, म्हणजे सर्वांत वरच्या दर्जाचं वादळ. लडाखमध्ये हानलेच्या वेधशाळेच्या कॅमेऱ्यात आकाश लाल झालेलं दिसलं. अमेरिकेत पेरणीचे दिवस होते, तिथले जीपीएसवर चालणारे ट्रॅक्टर रेघ चुकायला लागले म्हणून शेतकऱ्यांनी शेतातच उभे केले. जगभरच्या वेधशाळांच्या आकड्यावरून काढतात तो वादळाचा निर्देशांक सकाळी आठच्या सुमारास उणे ४०० नॅनोटेस्लाच्या पलीकडे गेला.

आमचा ठिपका रात्रभरात चार मिलिमीटर. शांत दिवशीही तो तेवढाच सरकतो.

वीस वर्षांतलं सर्वांत मोठं वादळ डोक्यावरून गेलं आणि आमच्या यंत्राने फक्त जांभई दिली. शेजारचे आबा ओट्यावरून विचारतात, "तुन्हं वादय उनं का नही?" काय सांगणार.

१३ मे, सोमवार

कारण सापडलं. भाचीने काढलं, मी फक्त चुंबक धरून बसलो होतो.

मोकळं टांगलेलं चुंबक उत्तरेकडे तोंड करून राहतं. त्याला फिरवायला बाजूने, पूर्व-पश्चिम ढकललं पाहिजे. इंग्लंड-नॉर्वेकडे वादळात डोक्यावरच्या हवेतून मोठे प्रवाह वाहतात, ते सुईला बाजूने हिसके देतात. तिकडची कृती तिकडे चालते. आपण २१ अंशांवर. इथे वादळ येतं ते विषुववृत्ताच्या वर, खूप लांबून पृथ्वीभोवती फिरणाऱ्या प्रवाहाच्या कड्यातून, आणि ते कडं आपल्याकडचा उत्तर दिशेचा जोर कमी करतं. जोर कमी झाला, दिशा तीच. सुई का हलेल? बैल गाडी ओढतोय, त्याने ओढ सैल केली तरी तोंड समोरच राहणार.

म्हणजे यंत्र बिघडलं नव्हतं. ते चुकीचा प्रश्न विचारत होतं.

उपाय एकच, चुंबकाला जबरदस्तीने पूर्व-पश्चिम आडवं धरायचं. एका बाजूने टांगणीचा पीळ ओढतोय, दुसऱ्या बाजूने पृथ्वी उत्तरेला ओढतेय, असा तोल साधायचा. पृथ्वीचा जोर कमी झाला की पीळ जिंकतो आणि चुंबक फिरतं.

२६ मे, रविवार

आडवं केलं. जो हे वाचून काम करणार आहे त्याने इथूनच सुरुवात करावी.

नायलॉनच्या दोऱ्याला पीळ देऊन आधी पाहिलं. दोरा रात्रभरात सैल पडतो, ठिपका आपोआप वाहत जातो. तीन प्रकारचे दोरे, मासे धरायची तंगूस धरून, सगळे नापास.

मग दोन तारांची टांगणी. शेजारी-शेजारी दोन उभ्या तारा, दोन्हींवर मिळून चुंबकाचं वजन. वरची आडपट्टी फिरवली की तारा एकमेकींना तिरक्या होतात, वजन किंचित वर उचललं जातं आणि खाली यायला बघतं. तोच पीळ. इथे दोऱ्याचा स्वभाव मोजायचाच नाही, फक्त वजन, आणि वजन थकत नाही. तार दुकानातलीच, तांब्याची इनॅमल. ४४ गेज झटक्याला तुटली (चुंबक खाली, आरसा फुटला), ४० गेज टिकली. लांबी ५० सेमी, दोन तारांमधलं अंतर १२ मिमी, टांगलेलं वजन १०० ग्रॅमच्या आसपास. तुमच्या चुंबकाप्रमाणे अंतर बदलावं लागेल, सुरुवात जास्त अंतराने करा आणि कमी करत या.

वरची आडपट्टी कोनमापकाच्या कागदी चकतीवर बसवली. हळूहळू फिरवत जायचं. चुंबक मागे-मागे रेंगाळत येतं. आमच्याकडे आडपट्टी १५५ अंशांना गेली तेव्हा चुंबक बरोबर ९० ला आलं. आणखी फार फिरवलं तर एका जागी येऊन ते गर्रकन उलटं फिरतं आणि सगळं गुंडाळतं. आमचं चार वेळा गुंडाळलं.

२ जून, रविवार

नवा घोटाळा. सकाळी सात ते दुपारी तीन, ठिपका तेरा-चौदा सेंटीमीटर वादळाच्या दिशेला. रोज. रात्री परत. रोज कसं वादळ येईल?

खोलीत थर्मामीटर ठेवला. सकाळी ३०, दुपारी ४३. पत्रा! चुंबक तापलं की कमजोर होतं. आमचं चुंबक निओडिमियमचं, त्याची ताकद अंशाला हजारात एक भाग घटते. आपल्याकडे पृथ्वीचा उत्तर दिशेचा जोर ३८ हजार नॅनोटेस्लाच्या घरात, म्हणजे एका अंशाला चाळीसेक नॅनोटेस्लाचं खोटं वादळ. उत्तरेला तोंड असताना हे कळलंच नव्हतं, कारण तेव्हा चुंबकाच्या ताकदीने काही बिघडत नाही. आडवं धरलं की सगळं तिच्यावरच.

स्पीकरमधलं काळं फेराइट तर दुप्पट वाईट. चांगलं ते अल्निको, निओडिमियमच्या पाचपट बरं. शाळेच्या प्रयोगशाळेतली लाल-निळी पट्टीची चुंबकं बऱ्याचदा अल्निकोची असतात. एका शिक्षकांनी अडगळीतलं एक दिलं, फुकट.

९ जून, रविवार

पत्र्याची खोली सोडली. जुन्या धाब्याच्या घराचं माजघर मागितलं. दोन फुटी मातीच्या भिंती, वर मातीचा धाबा, एकच बारीक खिडकी. बाहेर ४२ होते तेव्हा आत ३१, आणि दिवसभरातला फरक दीड अंश. आजोबांना हे कळत होतं.

आईच्या अटी: देवाच्या कोनाड्याला हात लावायचा नाही, चपला बाहेर, आणि लोणच्याच्या बरण्या जिथे आहेत तिथेच राहतील. लोखंडी कपाट मात्र तिने स्वतःहून काढू दिलं. आरशापासून भिंत २.२ मीटर, पट्टी ३० सेमी.

२३ जून, रविवार

किती मिलिमीटर म्हणजे किती नॅनोटेस्ला, हे आजवर अंदाजाने चाललं होतं. आज मापून घेतलं, आणि हा भाग माझ्या धंद्यातला म्हणून मजा आली.

प्लास्टिकच्या वायरिंग पाईपच्या दोन गोल कड्या, त्रिज्या ४० सेमी. प्रत्येकीवर दहा वेढे. दोन्ही कड्या एकमेकींपासून ४० सेमीवर, चुंबक मधोमध, कड्यांचं तोंड उत्तर-दक्षिण. अशा जोडीत एक मिलिॲम्पिअर सोडला की मधोमध २२.५ नॅनोटेस्ला तयार होतात, हे गणित पुस्तकातलं आहे आणि वेढे मोजायला मी पक्का आहे. पाच मिलिॲम्पिअर सोडले. ठिपका २८ मिमी सरकला. तारांची टोकं उलटी जोडली, ठिपका उलट बाजूला २८. म्हणजे एक मिमीला चार नॅनोटेस्ला.

आठवडाभराच्या फोटोंवरून दुसरी खात्री झाली. रोज दुपारच्या आत-बाहेर ठिपका सेंटीमीटरभर जोर वाढल्याच्या बाजूला जातो आणि संध्याकाळी परत. उन्हाने वरच्या हवेत वाहणारे रोजचे प्रवाह असतात, ते आपल्याकडे दुपारी जोर वाढवतात. तापमानाने ठिपका उलट दिशेला गेला असता. म्हशीचाही संबंध नाही, तपासलं.

२१ जुलै, रविवार

तीन आठवडे ठिपका रोज थोडा-थोडा एका बाजूला. नव्या तारा ताणून घेत होत्या, आता थांबल्या. मंगळवारी ठिपका अचानक चार सेंटीमीटर उडून तिथेच चिकटला. कोळ्याने चुंबक आणि बसबारच्या मध्ये जाळं विणलं होतं. बरणीच्या तोंडाला कापूस लावा, आम्ही लावला नव्हता.

१२ ऑगस्ट, सोमवार

जी४ वादळ, आणि नेमकी आमच्याकडे कानबाई देवीची विसर्जनाची मिरवणूक. काल रविवारी बसली, रात्रभर जागरण. आज ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर डीजे, वर जनरेटर, बॉक्समध्ये डझनभर मोठी स्पीकर-चुंबकं, आणि हे सगळं धाब्याच्या भिंतीपासून पाच मीटरवर थांबून नाचतंय. फोटोत ठिपक्याच्या जागी लाल फराटा. माती भिंतीवरून झडून बरणीवर पडली. नंतर पाहिलं तर चुंबक गुंडाळून उलटं लटकलेलं.

मीही नाचायला होतो, त्यामुळे तक्रार कोणाकडे करणार.

चौकट भिंतीपासून सोडवून जमिनीत पुरलेल्या फरशीवर घेतली. एक रविवार गेला.

२ सप्टेंबर, सोमवार, पोळा

दुकान बंद. बैलांच्या शिंगांना रंग देऊन झाला, मग भाची वही घेऊन बसली. आजच्याच तारखेला, १८५९ साली, आजवर मापलेल्या वादळांतलं सर्वांत गाजलेलं वादळ आलं. आदल्या दिवशी रिचर्ड कॅरिंग्टन या इंग्रजाने दुर्बिणीतून सूर्यावर पांढरा झगमगाट पाहिला होता. जवळपास १७ तासांत ढग पृथ्वीवर. तारायंत्रांतून ठिणग्या उडाल्या, काही ठिकाणी बॅटरी काढूनही तारा चालल्या.

मला हे ऐकून माहीत होतं. माहीत नव्हतं ते पुढचं. त्या दिवशी आपल्या भागातली नोंद मुंबईला कुलाब्याच्या वेधशाळेत झाली, आणि ती कशी? टांगलेल्या चुंबकाने, आरशाने, माणसाने डोळा लावून पट्टी वाचून. गडबड दिसली म्हणून त्याने दर काही मिनिटांनी आकडे लिहिले. दुपार व्हायच्या आत जोर सुमारे १६०० नॅनोटेस्लांनी घसरला. आज जगभरचे लोक त्या वादळाचं माप काढायला कुलाब्याच्या त्या वहीकडे जातात, कारण उत्तरेकडची यंत्रं पट्टीबाहेर गेली होती आणि इथल्यासारखी नोंद दुसरीकडे नाही.

आपलं यंत्र त्याच जातीचं. आम्ही नवीन काही शोधलं नव्हतं, १६५ वर्षांपूर्वी मुंबईत जे होतं त्याच्याशी तीन महिने चुकत-माकत पोचलो. पुढे मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर ते काम १९०४ मध्ये अलिबागला नेलं, आणि तिथली इमारत पोरबंदरच्या दगडाची बांधली, कारण त्यात लोहकण नाहीत. माझ्या काळ्या दगडाची मला आठवण झाली. सुताराच्या खिळ्यांचीही.

१६०० नॅनोटेस्ला म्हणजे आमच्या भिंतीवर सरळ हिशेबाने ४० सेमी. पट्टी ३० ची.

१० ऑक्टोबर, गुरुवार

काल सूर्यावर स्फोट झाला, ढग आज पोचणार. दसऱ्याला दोन दिवस. सूर्याकडे आमचं पंचांग आहे अशी आता माझी खात्री झालीय.

संध्याकाळी तयारी: बॅटरी भरली, म्हैस लांब बांधली, मोटारसायकल शाळेजवळ लावली. गल्लीत सांगून ठेवलं. आबा म्हणाले, "यंदा तरी येवो रे भो."

गावाच्या ग्रुपवर तोच जुना मेसेज फिरतोय, रात्री साडेबारा ते साडेतीन मोबाईल बंद ठेवा, किरणं येतील. दुकानात तर एकाने विचारलं, दीपनगरचं वीजकेंद्र बंद पडेल का? त्याला कॅनडाचं सांगितलं. १३ मार्च १९८९ ला क्युबेकची अख्खी वीज दीड मिनिटात बसली, ६० लाख लोक नऊ तास अंधारात. पण ते उत्तरेला, ध्रुवाजवळच्या प्रवाहांच्या खाली, कडक खडकावर पसरलेल्या लांबच लांब लाईनींवर. चुंबकत्व झपाझप बदललं की जमिनीत वीज उपजते आणि ट्रान्सफॉर्मरमध्ये शिरते. आपल्याकडे बदल मोठा असला तरी त्यामानाने सावकाश. माझ्याकडे जळून येणारी मोटार सूर्याने जळत नाही, दोन फेजवर चालवून जळते.

८.४५: ठिपका एका मिनिटात सेंटीमीटरभर, पण उलट दिशेला, जोर वाढल्याच्या बाजूला. भाची फोनवर होती. ती म्हणाली हेच पाहिजे, आधी ढगाची धडक पृथ्वीचं चुंबकत्व दाबते, मग कडं तयार होतं आणि घसरण सुरू.

१०.१०: मूळ जागेवर परत.

११.३०: १९ मिमी खाली. थांबत-थांबत जातोय. कोणी दाबून खाली नेतंय असा.

१.४०: लाईट गेली. (सूर्य नव्हे, आमच्या डीपीचा फ्यूज.) लेझर बॅटरीवर चालू. मी चटईवर.

११ ऑक्टोबर, शुक्रवार

सकाळी सहाला आईने उठवलं, "तुन्हा ठिपका कोनाडाकडे चालना." खरंच. सातनंतर सर्वांत खाली, ७१ मिमी. तिथे थोडा वेळ रेंगाळून चढायला लागला. दुपारपर्यंत निम्मा परत.

आबांना आणून दाखवला. त्यांनी ठिपका बघितला, पट्टी बघितली, मला बघितलं. "इतलुसं?" म्हणाले. चहा पिऊन गेले.

१३ ऑक्टोबर, रविवार

हिशेब. ७१ मिमी म्हणजे २८४ नॅनोटेस्ला. माजघराचं तापमान रात्रभरात एका अंशाने उतरलं, त्याचे आठेक धरायचे, म्हणजे खरी घसरण २९० च्या आसपास. जगाचा निर्देशांक उणे ३३३ च्या घरात गेला होता. तो चार वेधशाळांची सरासरी काढून बनतो. आणि ते कडं गोल सारखं नसतं, संध्याकाळच्या बाजूला जाड आणि पहाटेच्या बाजूला पातळ. आमच्याकडे तेव्हा सकाळ होती, म्हणून कमी येणं बरोबरच, असं भाचीचं म्हणणं. मला यातला काही भाग आमच्या पट्टीच्या चुकीचा वाटतो. एक मिमी इकडे-तिकडे वाचायला होतोच.

मेच्या रात्री चुंबक आडवं असतं तर ठिपका दहा सेंटीमीटर गेला असता. हे लिहिताना अजून जीव जळतो.

खर्च: झेरॉक्सचा आरसा ४०, लेझर दोन (एक पडून गेला) १४०, सुतार ६५०, पितळी स्क्रू ९०, चिप १८०, बॅटरी ८५०, थर्मामीटर १२०, रेडियम ३०. तार आणि तांबं दुकानातलं, धरलं नाही. एकूण २१००. आठ महिने. यातले सुताराचे अर्धे आणि चिपचे सगळे वाया.

३ नोव्हेंबर, रविवार

पट्टी वाढवायला घेतली. १८५९ सारखं आलं तर ठिपका ४० सेमी जाणार, आणि ३० नंतर देवाचा कोनाडा लागतो. आईशी बोललो. कोनाडा हलणार नाही. आरसा थोडा फिरवून ठिपक्याची शांत जागा उजवीकडे खिडकीशी घेतली, तर १२ सेमी मोकळे झाले, पण खिडकीचा उजेड फोटोत येतो. गोणपाट टांगलंय. उद्या कड्या लावून पुन्हा माप घ्यायचं आहे, कारण अंतर बदललं.